रबरी डोक्याचा माणूस

गेल्या सेमिस्टरला आमच्या फिल्म क्लबने सेमिनार हॉलमध्ये मूकपटांची एक संध्याकाळ ठेवली होती. सबमिशन तोंडावर आलेलं, त्यामुळे हॉलमध्ये आम्ही जेमतेम पंचवीस जण. त्यातले निम्मे तरी फक्त एसीसाठी आले होते, हे मी खात्रीने सांगू शकते. पाचवी की सहावी फिल्म लागली. एक दाढीवाला केमिस्ट आपल्या प्रयोगशाळेत येतो. पेटीतून एक डोकं काढतो आणि टेबलावर ठेवतो. डोकं जिवंत आहे आणि ते त्याचं स्वतःचंच आहे! म्हणजे खांद्यावर एक आणि टेबलावर दुसरं. मग तो त्या डोक्याला रबरी नळी जोडतो आणि भात्याने हवा भरायला लागतो. (भाता हा शब्द मला येत नव्हता. मी कॉन्व्हेंटची. आईला फोन करून विचारला.) डोकं फुगत जातं, तोंड वेडीवाकडी करतं, ओरडतं. केमिस्ट कॉक उघडून हवा सोडतो, डोकं पुन्हा होतं तेवढं होतं. स्वारी खूश. मदतनीसाला बोलावून हा चमत्कार दाखवते. मदतनीस उत्साही प्राणी, तो भाता घेऊन अंगातली सगळी ताकद लावतो. डोकं फुगतं, फुगतं आणि फटकन फुटतं. धूर. दोघंही जमिनीवर. केमिस्ट मदतनीसाला लाथ घालून हाकलतो. संपली फिल्म. जेमतेम अडीच मिनिटं.

हॉल हसला. मीही हसले. पण रूमवर आल्यावर डोक्यात किडा वळवळायला लागला. फिल्म १९०१ सालची. तेव्हा कॉम्प्युटर नाही, झूम लेन्स नाही, आणि या माणसाचा कॅमेरा तर एकाच जागी ठोकल्यासारखा असायचा. मग डोकं मोठं झालं कसं?

उत्तर सापडलं तेव्हा मी रूममेटला झोपेतून उठवून सांगितलं. मागची पार्श्वभूमी काळी ठेवायची. आधी प्रयोगशाळेचा सीन शूट करायचा. मग तीच फिल्म मागे गुंडाळून तिच्यावरच दुसऱ्यांदा शूटिंग. या वेळी गळ्याखालचं सगळं अंग काळ्या कपड्याने झाकून स्वतः एका चाकांच्या गाड्यावर बसायचं आणि तो गाडा कप्पीने ओढून चढणीवरून कॅमेऱ्याच्या दिशेने आणायचा. काळं ते फिल्मवर उमटतच नाही, उमटतं फक्त डोकं, आणि जवळ येईल तसं ते मोठं दिसतं. चढण कशाला? तर डोकं मोठं होताना मानेचा खालचा भाग टेबलाच्या पातळीवरच राहायला हवा म्हणून. म्हणजे गाडा जेवढा पुढे तेवढाच नेमका वर. फर्स्ट इयरच्या ड्रॉइंगमध्ये असा प्रॉब्लेम आला असता तर मी तो ऑप्शनला टाकला असता. आणि या माणसाने तो सोडवला फक्त लोकांना हसवण्यासाठी.

या माणसाचं नाव जॉर्ज मेलिएस. केमिस्टही तोच आणि टेबलावरचं डोकंही त्याचंच. हातातून सुटलेल्या यंत्रावर इतक्या मजेत फिल्म काढणाऱ्याच्या आयुष्यात पुढे काय झालं ते वाचत गेले, आणि मग हा लेख लिहायचं ठरवलं. एरवी मॅगझिनच्या मराठी विभागात लिहायची माझी हिंमत झाली नसती.

मेलिएसचा जन्म ८ डिसेंबर १८६१ चा, पॅरिसमधला. घरचा धंदा बुटांचा. उंची बुटांचा मोठा कारखाना. आई हॉलंडची, तिचे वडीलही डच राजदरबाराचे बूट करणारे. म्हणजे दोन्हीकडून बूटच. तीन भावांत हा धाकटा. याचा जीव चित्रकलेत आणि कठपुतळ्यांत. १८८४ साली इंग्रजी सुधारावं म्हणून घरच्यांनी लंडनला नोकरीला पाठवलं. इंग्रजी किती सुधारलं कोण जाणे, पण तिथल्या इजिप्शियन हॉलमध्ये मॅस्कलिन या प्रसिद्ध जादूगाराचे खेळ पाहून हा पुरता नादावला. परत आला तो चित्रकला शिकायचं ठरवून. वडिलांनी पैसे द्यायला साफ नकार दिला आणि कारखान्यातल्या यंत्रांची देखरेख त्याच्या गळ्यात मारली. आधी इंजिनिअरिंग कर, मग काय करायचं ते कर, हे वाक्य फक्त आपल्याच घरात म्हणतात असं मला वाटायचं!

पण माझ्या मते पुढचं सगळं त्या कारखान्यात ठरलं. शिलाई यंत्रं, पट्टे, चाकं, कुठे काय अडकतं, कुठे तेल लागतं, हे त्याच्या हाताला तिथे कळलं. १८८८ मध्ये वडील निवृत्त झाले. मेलिएसने आपला वाटा भावांना विकला आणि चाळीस हजार फ्रँकला एक थिएटर विकत घेतलं. रोबेर-उदँ थिएटर. ज्या जादूगाराच्या नावाचं हे थिएटर, तो मूळचा घड्याळजी. किल्ली दिली की आपोआप हालचाल करणाऱ्या यंत्रबाहुल्या करण्यात त्याचा हातखंडा होता. असलं थिएटर जादूचा नाद लागलेल्या आणि यंत्रं हाताळलेल्या माणसाच्या हाती पडलं. दोनेकशे खुर्च्यांचं हे छोटं थिएटर. मेलिएसने तिथे नवनव्या जादू बसवल्या, पडदे रंगवले, यंत्रं दुरुस्त केली. आयुष्य असंच गेलं असतं तर आज त्याचं नाव कुणाला माहीत नसतं.

२८ डिसेंबर १८९५ ला ल्युमिएर बंधूंनी पॅरिसच्या ग्रँड कॅफेत आपला सिनेमॅटोग्राफ पहिल्यांदा पैसे घेऊन लोकांना दाखवला. (हेच यंत्र पुढच्या सात महिन्यांत मुंबईत पोचलं, ७ जुलै १८९६, वॉटसन हॉटेल.) ते खेळ बघायला ज्यांना खास बोलावणं गेलं त्यांत मेलिएस होता. त्याने लगेच यंत्राला दहा हजार फ्रँक देऊ केले. ल्युमिएर काही विकायला तयार झाले नाहीत.

नाही तर नाही. मेलिएस लंडनला गेला आणि रॉबर्ट पॉल नावाच्या उपकरणं बनवणाऱ्याकडून एक प्रोजेक्टर घेऊन आला. आता प्रोजेक्टर आणि कॅमेरा यांचं काळीज एकच. फिल्म एक फ्रेम पुढे सरकली पाहिजे, क्षणभर थांबली पाहिजे, पुन्हा सरकली पाहिजे. एकात उजेड बाहेर जातो, दुसऱ्यात आत येतो, एवढाच फरक. मेलिएसने प्रोजेक्टर खोलला, समजून घेतला आणि दोन साथीदारांबरोबर खपून त्याच तत्त्वावर स्वतःचा कॅमेरा बनवला. याला आपण आज रिव्हर्स इंजिनिअरिंग म्हणतो आणि त्याच्यावर प्रेझेंटेशन देतो. कच्ची फिल्म लंडनहून आणली तर तिला कडेची भोकंच नव्हती. मग भोकं पाडायची सोयही करावी लागली. सप्टेंबर १८९६ मध्ये कॅमेऱ्याचं पेटंट घेतलं. यंत्र इतका खडखडाट करायचं की त्याने त्याचं नावच कॉफी दळायचं यंत्र ठेवलं होतं. पहिल्याच वर्षात या दळणयंत्रातून ७०-८० छोट्या फिल्म निघाल्या.

इथे ती प्रसिद्ध गोष्ट येते. पॅरिसच्या ऑपेरा चौकात रस्त्याचं शूटिंग चालू असताना कॅमेऱ्यात फिल्म अडकली. ती सोडवून पुन्हा हँडल फिरवायला मिनिटभर गेला. नंतर पडद्यावर पाहतो तर चालत्या घोडागाडीची एकदम शववाहिका झाली होती आणि पुरुषांच्या बायका! ही गोष्ट मेलिएसने स्वतः सांगितलेली, आणि गडी जादूगार, त्यामुळे इतिहासकार ती जरा मीठ लावूनच घेतात. पण युक्ती मात्र खरी. कॅमेरा थांबवायचा, समोरची वस्तू बदलायची, पुन्हा सुरू करायचा. १८९६ मध्येच त्याने या युक्तीने झान दाल्सी या नटीला खुर्चीवरून गायब करून दाखवलं. स्टेजवर याच जादूसाठी जमिनीत गुप्त दार लागायचं. कॅमेऱ्यापुढे तेही नको. मला ही गोष्ट खरी असावी असं फार वाटतं. वर्कशॉपमध्ये माझं कुठलंच यंत्र बिघडल्यावर असं काही दाखवत नाही. ते फक्त बिघडतं.

यंत्र नुसतं बिघडत नाही, माणसंही मारतं, हे पॅरिसने पुढच्याच वर्षी पाहिलं. ४ मे १८९७ ला एका मोठ्या धर्मादाय बाजारात सिनेमाचा खेळ चालू होता. तेव्हा प्रोजेक्टरचा दिवा इथर आणि ऑक्सिजनवर चाले. दिवा भरताना काडी ओढली गेली आणि वाफेने पेट घेतला. लाकूड आणि कापडाचा तो मांडव बघता बघता गेला. १२० हून जास्त माणसं मेली, बहुतेक बायका. सिनेमा हे दोन वर्षांचंही झालेलं नव्हतं आणि त्याच्या नावावर एवढे बळी. चांगल्या घरचे लोक त्यानंतर सिनेमाला बिचकायला लागले.

त्याच वर्षी मेलिएसने मोंत्रॉयच्या आपल्या घराच्या आवारात काचेचा स्टुडिओ बांधला. विजेचे दिवे शूटिंगला पुरत नसत, सूर्यावर काम, म्हणून भिंती काचेच्या आणि छतही काचेचं. आतलं स्टेज आपल्या थिएटरच्या स्टेजच्या मापाचं. तेव्हाच्या फिल्मला लाल-पिवळा नीट दिसत नसे, म्हणून पडदे, सामान, कपडे, सगळं राखाडी छटांत रंगवायचं. उन्हाळ्यात त्या काचेच्या पेटीत काय होत असेल ते आमच्या वरच्या मजल्यावर राहणाऱ्या मुलींना विचारा.

इथे त्याने पाचशेहून जास्त फिल्म काढल्या. सगळ्याच यंत्रांवर नाहीत, भुतं आहेत, पऱ्या आहेत, सिंड्रेला आहे. पण यंत्र मध्ये मध्ये येतंच आणि आलं की पंचाईत करतं. १८९७ मध्येच त्याने एका विदूषकाची आणि यंत्रमानवाची छोटी फिल्म केली होती. रोबो हा शब्दसुद्धा तेव्हा जन्मलेला नव्हता. १९०५ च्या एका फिल्ममध्ये पॅरिस ते माँटे कार्लो दोन तासांत पोचवणारी मोटार आहे. ती एका पोलिसाला चिरडून चपटा करते आणि लोक त्याला पंपाने हवा भरून पुन्हा उभा करतात. १९०८ मधल्या एका फिल्ममध्ये माणसाचा दूरवर फोटो पाठवणारं विजेचं यंत्र आहे. एक म्हातारं जोडपं ते बघायला येतं. यंत्र बाईसाहेबांचा हसरा चेहरा पडद्यावर दाखवतं, पण म्हातारबुवांचं चित्र येतं ते माकडासारखं! म्हणजे बाहेरचा चेहरा नाही, आतला. म्हातारा चिडून यंत्र फोडायला धावतो आणि शॉक खातो. शंभरापेक्षा जास्त वर्षांपूर्वीची ही फिल्म बघताना मला आपला फोन आठवला. आपल्याविषयी आपल्यापेक्षा जास्त जाणणारं यंत्र, आणि ते फोडावंसं वाटलं तरी शॉक आपल्यालाच.

१९०२ ची 'चंद्रावरची सफर' बहुतेकांनी निदान एका चित्रात पाहिली असेल. चंद्राच्या डोळ्यात घुसलेलं यान, तीच. तीन महिने खपून, दहा हजार फ्रँक घालून केलेली सुमारे चौदा मिनिटांची फिल्म. त्या काळात फिल्म एक-दोन मिनिटांच्या असायच्या, तेव्हा ही प्रचंडच. तोफेतून यान उडतं, शास्त्रज्ञ मंडळी छत्र्या घेऊन चंद्रावर उतरतात, तिथल्या रहिवाशांना छत्रीने मारून त्यांचा धूर करतात आणि पळून येतात. परतीला इंजिन नाही, यान कड्यावरून ढकलून द्यायचं, पृथ्वीवर आपोआप पडतं! शास्त्रज्ञांची त्याने केलेली टर बघण्यासारखी आहे, विशेषतः प्राध्यापकांनी बघावी.

फिल्म तुफान चालली. अमेरिकेत तर फारच. पण तिथे तिचे पैसे मेलिएसला मिळाले नाहीत. एडिसनच्या कंपनीने आणि इतरांनी एक प्रिंट मिळवायची, तिच्या वाटेल तेवढ्या कॉप्या काढायच्या आणि विकायच्या, असा सपाटा लावला. ज्या तंत्राने एका खेळाचे हजार खेळ होतात, त्याच तंत्राने हजार चोरही होतात. (हॉस्टेलमध्ये कुणाची हार्ड डिस्क कुणाकडे आहे यावर मी काही बोलणार नाही.) १९०३ मध्ये थोरला भाऊ गॅस्तों न्यूयॉर्कला जाऊन ऑफिस उघडून बसला. अमेरिकेसाठी वेगळी निगेटिव्ह हवी म्हणून मेलिएस आता दोन कॅमेऱ्यांनी एकदमच शूट करायला लागला. ही दुसरी निगेटिव्ह लक्षात ठेवा, पुढे येणार आहे.

आता डोकं फुगायला लागलं होतं. सिनेमा उद्योग झाला. पाते कंपनी मोठी होत गेली, जागोजाग थिएटरं झाली, त्यांना दर आठवड्याला नवा माल हवा. मेलिएस मात्र अजून स्वतःच लिहिणार, स्वतःच पडदे रंगवणार, स्वतःच नाचणार. हा माणूस कारखान्यात वाढला पण कारखान्यासारखं काम करणं त्याला जमलं नाही. १९०९ मध्ये पॅरिसला फिल्म बनवणाऱ्यांची आंतरराष्ट्रीय परिषद भरली, अध्यक्ष मेलिएस. तिथे दोन गोष्टी ठरल्या. एक, फिल्मच्या कडेच्या भोकांचं प्रमाण सगळ्यांचं सारखं. स्टँडर्डायझेशन, उत्तम. दुसरी, फिल्म यापुढे विकायच्या नाहीत, भाड्याने द्यायच्या. मेलिएसची गिऱ्हाईकं म्हणजे जत्रेतले तंबूवाले. ते विकत घेऊन गावोगाव फिरणार. भाड्याचा हिशोब त्यांना परवडणारा नव्हता आणि म्हणून त्यालाही. जिच्या अध्यक्षपदी तो बसला होता त्याच परिषदेने त्याच्या पायाखालची सतरंजी ओढली.

१९११ मध्ये त्याने पातेकडून पैसे घेतले, मोंत्रॉयचं घर आणि स्टुडिओ तारण ठेवून. त्या पैशात 'ध्रुवावर स्वारी' केली. तिच्यात बर्फात राहणारा एक अवाढव्य राक्षस आहे. प्रत्यक्षात ते दोरखंडांनी हलवायचं यंत्र. तो डोळे फिरवतो, हात हलवतो आणि शास्त्रज्ञ गिळतो. माझ्या मते त्याच्या सगळ्या यंत्रांत हे अव्वल. पण १९१२ च्या प्रेक्षकाला हे जुनाट वाटलं. पुढच्या वर्षी पत्नी यूजेनी वारली. गॅस्तों ताहिती आणि आशियाच्या दौऱ्यावर फिल्म काढायला गेला होता, तोही पैसे बुडवून आला. मेलिएसने १९१३ नंतर एकही फिल्म केली नाही.

मग महायुद्ध. काचेच्या स्टुडिओत लष्कराने जखमींचं इस्पितळ केलं. आणि त्याच्या कंपनीच्या चारशेहून जास्त प्रिंट ताब्यात घेऊन वितळवल्या. फिल्मवरच्या थरातली चांदी वेगळी काढली, आणि सेल्युलॉइडच्या केल्या बुटांच्या टाचा. होय, बुटांच्या. बुटांच्या कारखान्यातून पळून गेलेल्या माणसाच्या फिल्म बुटांच्या टाचा झाल्या. ही गोष्ट मी कथेत लिहिली असती तर आमच्या संपादक मॅडमनी अतिशयोक्ती म्हणून लाल पेनाने खोडली असती.

१९२३ मध्ये रस्ता रुंदीकरणात रोबेर-उदँ थिएटर पाडलं गेलं. त्याच वर्षी मोंत्रॉयही सोडावं लागलं. तिथे त्याच्या निगेटिव्ह साठवलेल्या होत्या. इतक्या पेट्या ठेवायला जागा नाही, घ्यायला कुणी नाही. मेलिएसने त्या अंगणात काढल्या आणि स्वतःच्या हाताने पेटवून दिल्या. चंद्र, पऱ्या, रबरी डोकं, पंधरा-सतरा वर्षांचं काम. नायट्रेटची फिल्म, ती पाण्यातसुद्धा विझत नाही.

इथे मी बराच वेळ थांबले. लष्कराने वितळवलं त्याचा राग येतो, तो सोपा आहे. पण हे त्याने स्वतः केलं. माझा एक मिनी प्रोजेक्ट आहे, न चाललेला, कपाटाखाली खोक्यात. गेल्या दोन वर्षांत तो फेकायला मी तीनदा बाहेर काढला आणि तीनदा परत ठेवला. आणि हा माणूस पाचशे फिल्म... त्याला वेड लागलं होतं असं म्हणून मोकळं होता येत नाही. त्याच्या बाजूने त्या दिवशी ते नुसतं अडगळ झालेलं सेल्युलॉइड असेल. बघणारा कुणी उरला नाही तर फिल्म म्हणजे दुसरं काय असतं?

१९२५ मध्ये त्याने झान दाल्सीशी लग्न केलं, तीच ती खुर्चीवरून गायब झालेली नटी. मोंपार्नास स्टेशनवर तिचं खेळण्यांचं आणि गोळ्या-चॉकलेटचं छोटं दुकान होतं. साठी ओलांडलेला मेलिएस रोज तिथे बसू लागला. सुट्टी नाही, थंडीतही नाही. शेजारून आगगाड्या जायच्या आणि हा पोरांना खेळणी विकायचा.

तिथेच काही वर्षांत चित्रपटांवर लिहिणाऱ्यांनी त्याला ओळखलं. लेख आले. एका थिएटरवाल्याला त्याच्या काही जुन्या प्रिंट सापडल्या, आणि १६ डिसेंबर १९२९ ला पॅरिसच्या साल प्लेयेल सभागृहात त्याच्या फिल्मचा मोठा समारंभ झाला. १९३१ मध्ये 'लेजियन ऑफ ऑनर' मिळालं. ते पदक त्याला दिलं कुणी? लुई ल्युमिएरने! ज्यांनी यंत्र विकलं नाही त्यांतलाच एक. पुढच्या वर्षी सिनेमावाल्यांच्या संस्थेने त्याला, झानला आणि आई वारलेल्या लहानग्या नातीला, मादलेनला, ओर्लीच्या वृद्धाश्रमात जागा दिली. २१ जानेवारी १९३८ ला कॅन्सरने तो गेला.

त्या नातीने पुढे आयुष्यभर आजोबांच्या फिल्म शोधल्या. २०१८ मध्ये ती वारली तोवर पाचशेपैकी दोनशेच्या आसपास सापडल्या होत्या. कुठे कुठे? तंबूवाल्यांच्या पेट्यांत, कारण त्यांनी त्या भाड्याने नाही, विकत घेतल्या होत्या. अमेरिकेत, कारण तिथे ती दुसरी निगेटिव्ह गेली होती. चोरून काढलेल्या कॉप्यांत. चंद्राच्या सफरीची हाताने रंगवलेली प्रिंट तर १९९३ मध्ये बार्सिलोनात मिळाली, दगडासारखी घट्ट चिकटलेली. तिचे तेरा हजारांवर फ्रेम एकेक सोडवून, कॉम्प्युटरवर जोडून २०११ मध्ये कान महोत्सवात ती दाखवली.

आणि रबरी डोकं. अंगणात जळून गेलेलं ते डोकं आमच्या सेमिनार हॉलमध्ये पंचवीस जणांपुढे फुगलं. ते फुटल्यावर मागच्या रांगेतून कुणीतरी वन्स मोअर ओरडलं, आणि प्रोजेक्टरवरच्या मुलाने खरोखरच पुन्हा लावलं. दुसऱ्या वेळी मी डोक्याकडे बघतच नव्हते. भात्यावर तुटून पडलेल्या त्या मदतनीसाकडे बघत होते. किती खूश असतो तो, डोकं फुटेपर्यंत.